मुलीचा ‘ठाकूर’ जमातीचा दावा अवैध ठरला, आता काय करायचं?

ताई, तुम्ही विचारलंय की पणजोबांच्या शाळेच्या दाखल्यावर स्पष्ट ‘ठाकूर’ आहे, तरी ॲफिनिटी, म्हणजे जमातीच्या चालीरीतींशी नातं, जुळत नाही म्हणून जमातीचे दाखले तपासणाऱ्या समितीनं मुलीचा दावा अवैध ठरवला, आता पुढं काय. असा आदेश आला की घरात काय होतं ते मी पाहिलंय. आमच्या थोरलीचं हेच झालं होतं.

ती बारावीत असताना समितीसाठी घरी येऊन चौकशी करणारं दक्षता पथक नाशिकरोडच्या घरी आलं. कुलदैवत कोणतं, लग्नात पहिली हळद कोण लावतं, दहाव्याला काय करता? प्रत्येक प्रश्नाला पोरगी माझ्याकडं बघायची. मी इगतपुरी तालुक्यातल्या वाडीवर वाढलो, ती कॉलनीत. तिला निम्मं ठाऊक नव्हतं, कारण आम्हीच कधी सांगितलं नव्हतं. दावा गेला त्यापेक्षा मला तेच जास्त लागलं.

पण नेमका हाच मुद्दा आता तुमच्या बाजूचा आहे. मार्च 2023 मध्ये महाराष्ट्र आदिवासी ठाकूर जमात स्वरक्षण समितीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की ॲफिनिटी ही दाव्याची अंतिम कसोटी नाही. 2011 च्या आनंद प्रकरणातही स्वातंत्र्यापूर्वीच्या कागदांना जास्त वजन दिलं होतं आणि स्थलांतरानं चालीरीती पुसट होतात हे मान्य केलं होतं. म्हणून आदेश पुन्हा शांतपणे वाचा. पणजोबांच्या दाखल्याबद्दल समितीनं काय लिहिलंय? तो का नाकारला, की त्याच्यावर चर्चाच नाही? तुमची रिट, म्हणजे उच्च न्यायालयातली याचिका, त्यावरच उभी राहील. समितीच्या आदेशाविरुद्ध दिवाणी कोर्टात जाता येत नाही, थेट उच्च न्यायालयात जावं लागतं. नाशिककरांना म्हणजे मुंबईला. प्रवेशाची तारीख जवळ असेल तर वकिलाला अंतरिम दिलासा, म्हणजे निकाल लागेपर्यंतचा तात्पुरता आदेश, पहिल्याच दिवशी मागायला सांगा.

आमची केस फेरतपासणीला परत आली आणि ती वाचवली एका कागदानं. तहसीलच्या अभिलेख कक्षात गाव नमुना 14 चं, म्हणजे गावच्या जन्म-मृत्यूच्या नोंदींचं, दप्तर फडक्यात बांधलेलं होतं. पानांच्या कडा हात लावला की झडत होत्या, अक्षर सगळं मोडी. मोडी वाचणाऱ्या गृहस्थांनी एका ओळीवर बोट ठेवलं, माझ्या आजोबांच्या थोरल्या भावाचा जन्म, आणि जातीच्या रकान्यात ‘ठाकर’. मी तिथंच खाली बसलो. अनुसूचित जमातींच्या यादीत ठाकूर आणि ठाकर एकाच नोंदीत आहेत, त्यामुळं त्या एका अक्षराची काळजी करू नका. प्रमाणित नक्कल काढा, मोडीचं लिप्यंतर जोडा.

वडिलांच्या बाजूच्या रक्ताच्या नात्यात कुणाला दक्षता चौकशी होऊन रीतसर वैधता मिळाली असेल तर ती वंशावळीसह लावा, त्याला मोठं महत्त्व आहे.

उलट नोंद सापडली तर लपवू नका. आमच्या चुलत्यांच्या दाखल्यावर मास्तरांनी ‘मराठा’ लिहिलं होतं. तो कागद आम्ही स्वतःहून दिला आणि त्याहून जुनी नोंद शेजारी ठेवली. ‘दाखल्यात दुरुस्ती करून देतो’ म्हणणारे एजंट भेटतील, त्यांना दारात उभं करू नका. जात प्रमाणपत्रांच्या 2000 च्या कायद्यात खोट्या प्रमाणपत्राला 6 महिने ते 2 वर्षं सक्तमजुरी आहे, आणि घेतलेला प्रवेश, नोकरी सगळं जातं.

तपासणीवर मात्र राग धरू नका, हे मी मनापासून सांगतो. 1994 चा माधुरी पाटील निकाल, ज्यातून समित्या आणि दक्षता पथकं आली, तो हिंदू कोळी असून महादेव कोळी म्हणवून घेतल्याचाच होता. ठाकूर नाव तर इतर समाजांतही आहे, नुसत्या आडनावानं काही सिद्ध होत नाही. पेठ-सुरगाण्यासारख्या आदिवासी तालुक्यातल्या पोराची जागा दुसऱ्यानं नेली तर त्याची रिट कोण करणार? आपला दावा खरा असेल तर तो पुराव्यानं सिद्ध करायची जबाबदारी कायद्यानं आपल्यावरच आहे.

तुमच्याकडं दाखला आहे, पण मूळ जनरल रजिस्टर, म्हणजे शाळेची प्रवेशाची नोंदवही, त्या शाळेत अजून आहे का, ते या आठवड्यातच जाऊन बघा. आणि घरात एखादी म्हातारी आत्या असेल तर वंशावळ लिहायला आधी तिच्याजवळ बसा. आमच्या आजोबांना थोरला भाऊ होता, हे मला आत्यानंच सांगितलं.