मुलीला युद्धकाळावर माहितीपट करायचे आहेत

ताई, सप्रेम नमस्कार.

आपले पत्र मिळाले. आपली कन्या साताऱ्यात मानसशास्त्राच्या दुसऱ्या वर्षाला आहे. महाविद्यालयाच्या चित्रपट मंडळात तिने ब्रिटिश दिग्दर्शक हम्फ्री जेनिंग्ज यांचा दुसऱ्या महायुद्धातील ब्रिटनवरचा ‘लिसन टू ब्रिटन’ हा माहितीपट पाहिला आणि तेव्हापासून युद्धकाळातील माणसे व कला यांवरच माहितीपट करायचे, त्यासाठी पदवी अर्धवट सोडून पुण्याला जायचे, असा तिचा आग्रह आहे. यात जिवाला धोका किती, पोट भरेल का आणि लाखभराचा कॅमेरा आताच घेऊन द्यावा का, हे आपले तीन प्रश्न.

तिच्या मनात भरलेला माहितीपट आपणही एकदा पाहावा, म्हणजे भीती बरीच कमी होईल. १९४२ साली आलेल्या या सुमारे वीस मिनिटांच्या माहितीपटात रणांगण दिसत नाही आणि दृश्यांचा अर्थ सांगणारा निवेदकही नाही. बॉम्बहल्ल्यांच्या भीतीने लंडनच्या नॅशनल गॅलरीतील चित्रे सुरक्षित ठिकाणी हलवली होती. त्या ओक्याबोक्या दालनांत पियानोवादिका मायरा हेस यांनी ऑक्टोबर १९३९ पासून एक शिलिंग तिकिटात दुपारच्या मैफली सुरू केल्या. त्यांचे मोझार्टवादन जेनिंग्ज यांनी टिपले आहे, आणि ते सूर गॅलरीबाहेर रस्त्यावर येत येत कारखान्याच्या खडखडाटापर्यंत पोहोचतात. हा परिणाम जितका चित्रीकरणाचा, तितकाच संकलनाचा आहे. म्हणूनच श्रेयनामावलीत जेनिंग्ज यांच्या बरोबरीने संकलक स्ट्युअर्ट मॅकअॅलिस्टर यांचे नाव आहे.

पदवी सोडण्याचा विचार मला मुळीच मान्य नाही, आणि याचे कारणही जेनिंग्ज यांच्याच आयुष्यात सापडते. केंब्रिजमध्ये त्यांनी इंग्रजी साहित्याचा अभ्यास केला, ते चित्रकार होते, आणि सामान्य माणसांचे दैनंदिन जीवन बारकाईने नोंदवणारा ‘मास ऑब्झर्व्हेशन’ हा उपक्रम १९३७ साली ज्यांनी सुरू केला, त्यांपैकी ते एक होते. माणसे निरखण्याची ही सवय त्यांच्या माहितीपटांत उतरली. कन्येचे मानसशास्त्र तिला याच कामी येईल. शिवाय पुण्याच्या फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूटच्या तीन वर्षांच्या दिग्दर्शन किंवा संकलन अभ्यासक्रमाला आणि दिल्लीच्या जामिया मिलियातील जनसंज्ञापनाच्या एम.ए.ला पदवी लागतेच. प्रवेश परीक्षेचे तपशील त्या त्या संस्थेच्या चालू वर्षाच्या सूचनापत्रकातच पाहावेत.

धोक्याबद्दल बोलायचे तर, प्रत्यक्ष युद्धभूमीवर चित्रीकरण करणारेही आहेत. युक्रेनमधील मारिउपोल शहराच्या वेढ्यावरील माहितीपटासाठी २०२४ साली ऑस्कर मिळवणारे मिस्तिस्लाव चेर्नोव्ह हे अनुभवी पत्रकार. ‘फॉर समा’ हा माहितीपट करणाऱ्या वाद अल-कातिब यांनी सीरियातील अलेप्पो शहरात शिकत असतानाच चित्रीकरण सुरू केले. मात्र चेर्नोव्ह युक्रेनचे, वाद सीरियाच्या आणि जेनिंग्ज ब्रिटनचे. या माहितीपटांतले युद्ध त्यांच्या स्वतःच्याच देशात आलेले होते. परक्या युद्धात पाहुण्यासारखे जाऊन काढलेल्या माहितीपटांबद्दल मला स्वतःला फारसा आदर नाही. आपल्याच जिल्ह्यात पिढ्यान्‌पिढ्या सैन्यात माणसे पाठवणारे अपशिंगे हे गाव आहे. घरचा माणूस सीमेवर असताना मागे राहिलेल्यांनी दिवस कसे काढले, सण कसे केले, जात्यावर आणि भजनात काय गायले, हे तेथील आजींकडून ऐकून दहा मिनिटांचा पहिला माहितीपट तिने करावा. त्यासाठी त्यांची संमती आधी घ्यावी आणि तयार झालेले काम सर्वांत आधी त्यांनाच दाखवावे.

एक गोष्ट तिला आताच सांगा. जेनिंग्ज सरकारच्या ‘क्राउन फिल्म युनिट’साठी काम करत होते, देशाचे मनोधैर्य टिकवणे हा त्या कामाचा उघड हेतू होता. युद्धकाळात पैसा देणारा बहुधा एका बाजूचा असतो, आणि त्याच्या चौकटीत राहून खरेपणा कितपत जपता येतो, हा प्रश्न या व्यवसायात कायमचा आहे.

उत्पन्नाचे चित्र फारसे गुलाबी नाही. केवळ स्वतःच्या माहितीपटांवर सुरुवातीची वर्षे निभावणारे मला विरळाच दिसतात. बहुतेक जण संकलन, ध्वनिमुद्रण, जाहिराती, सामाजिक संस्थांसाठीच्या छोट्या फिती किंवा अध्यापन यांवर घर चालवतात आणि उरलेल्या वेळात स्वतःचे काम करतात. म्हणून संकलन किंवा ध्वनी यांपैकी एक कौशल्य तिने पोटापुरते पक्के करावे. दिग्दर्शकापेक्षा चांगल्या संकलकाला काम लवकर मिळते. मुंबईत होणाऱ्या आंतरराष्ट्रीय माहितीपट महोत्सवाला तिला अवश्य पाठवा; तिथे या क्षेत्रातील माणसे प्रत्यक्ष भेटतात.

राहिला कॅमेरा. तो आता घेऊ नका. तिच्याकडे असलेल्या फोनवर पहिला माहितीपट होऊ शकतो. मात्र फोनच्या माइकवर गावातल्या वाऱ्यात आजींचे बोलणे नीट ऐकू येणार नाही. त्यामुळे बेताच्या किमतीचा ध्वनिमुद्रक आणि कॉलरला लावायचा एक माइक एवढेच घेऊन द्या, आणि कॅमेऱ्याचा विषय पदवीच्या निकालानंतर काढा.

आपला,
करिअर मार्गदर्शक