वाचकांचे प्रश्न : पहिल्या पदवीधरांच्या जयंत्या

प्रश्न : न्यायमूर्ती रानडे यांची जयंती व पुण्यतिथी एकाच आठवड्यात कशी येते? मुंबई विद्यापीठाच्या इतर जुन्या पदवीधरांचे असे दिवस सांगाल का?

उत्तर : महादेव गोविंद रानडे यांचा जन्म १८ जानेवारी १८४२ रोजी झाला आणि १६ जानेवारी १९०१ रोजी, एकोणसाठावे वर्ष पुरे होण्यास अवघे दोन दिवस उरले असताना, त्यांचे निधन झाले, त्यामुळे दरवर्षी पुण्यतिथी आधी आणि जयंती नंतर येते. (पुण्यतिथी म्हटले तरी आपण सर्रास इंग्रजी तारीखच पाळतो.) १८५७ साली स्थापन झालेल्या या विद्यापीठाची पहिली बी. ए. तुकडी १८६२ची असून तीत रानडे यांच्यासोबत रामकृष्ण गोपाळ भांडारकरही होते. भांडारकरांचा जन्म ६ जुलै १८३७चा, निधन २४ ऑगस्ट १९२५चे. याच विद्यापीठाच्या पहिल्या महिला पदवीधर कॉर्नेलिया सोराबजी (जन्म १५ नोव्हेंबर १८६६) यांचे निधन १९५४ साली ६ जुलैलाच झाले, हा योगायोग आम्हांला विशेष वाटतो. लोकमान्य टिळक (२३ जुलै १८५६ – १ ऑगस्ट १९२०) आणि गोपाळ कृष्ण गोखले (९ मे १८६६ – १९ फेब्रुवारी १९१५) यांचे दिवस बहुतेकांना पाठ असतातच.