यवतमाळची फ्री मेथॉडिस्ट मंडळी: 'फ्री' कशापासून, आणि पुन्हा बाप्तिस्मा लागतो का?

ताई, तुमचा प्रश्न असा: तुम्ही नागपूरच्या सीएनआय (चर्च ऑफ नॉर्थ इंडिया) मंडळीतल्या, तान्हेपणी बाप्तिस्मा आणि पुढे दृढीकरण (कळत्या वयात विश्वास स्वतः कबूल करण्याचा विधी) झालेल्या. स्थळ आलंय यवतमाळच्या फ्री मेथॉडिस्ट घरातलं. घरी कोणी म्हणतं हे पेंटेकॉस्टल (आत्म्याने भरून अन्य भाषा बोलण्यावर भर देणारे), कोणी म्हणतं आपल्या मेथॉडिस्टांचीच शाखा, आणि सगळ्यांना धास्ती एकच की लग्नाआधी पुन्हा बुडवून बाप्तिस्मा घ्यायला लावतील.

धास्तीचं आधी सांगते. त्यांच्या शिस्तीच्या पुस्तकाप्रमाणे बाळाचा बाप्तिस्मा ग्राह्य आहे. शिंपडून, ओतून की बुडवून, यावर अडवणूक नाही. लहानपणी बाप्तिस्मा झालेल्याने सभासद होताना स्वतःच्या तोंडाने विश्वास कबूल करायचा, एवढंच. आईवडिलांना हवं तर बाळाचा बाप्तिस्मा न करता नुसतं समर्पण, म्हणजे प्रार्थना करून त्याला देवाच्या हाती सोपवणं, करता येतं. गोंधळ होतो तो इथेच: समर्पण झालेली मुलं मोठेपणी बाप्तिस्मा घेतात, बघणाऱ्याला वाटतं की सगळ्यांनाच पुन्हा घ्यावा लागतो. एखादे पाळक आग्रह धरतीलही, पण तो त्यांचा कल, मंडळीचा नियम नव्हे.

आता 'फ्री'. या शब्दाची सुरुवात बाकड्यांपासून होते. एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला अमेरिकेतल्या शहरी मेथॉडिस्ट देवळांत बाकडी विकत किंवा वार्षिक भाड्याने मिळत. पैसेवाल्या घराण्याचं पुढचं बाकडं ठरलेलं. गरीब माणूस मागे, नाहीतर उरलेल्या जागेवर. देवळं दिमाखदार बांधायची, त्यावर कर्ज व्हायचं आणि ते बाकड्यांच्या भाड्यातून फेडायचं, असं ते चक्र होतं. बी. टी. रॉबर्ट्स हा न्यूयॉर्क राज्यातला पाळक याच्या विरोधात उभा राहिला. १८५७ मध्ये त्याने 'न्यू स्कूल मेथॉडिझम' नावाचा लेख लिहिला. त्याच्या जेनेसी कॉन्फरन्समधले (मेथॉडिस्ट मंडळीच्या तिथल्या प्रादेशिक विभागातले) काही वजनदार, नव्या मताचे पाळक मेथॉडिस्ट चळवळ सुरू करणाऱ्या जॉन वेस्लीची शिकवण पातळ करताहेत, असा त्याचा आरोप. त्याबद्दल आधी ठपका बसला, आणि १८५८ मध्ये, तो लेख दुसऱ्याच माणसाने पुन्हा छापून वाटल्यावर, त्याला मंडळीतून काढूनच टाकलं. २३ ऑगस्ट १८६० रोजी न्यूयॉर्क राज्यातल्या पेकिन या गावी फ्री मेथॉडिस्ट मंडळी स्थापन झाली. गंमत म्हणजे १९१० मध्ये त्याच कॉन्फरन्सने चूक मान्य करून त्याची पाळकपदाची प्रमाणपत्रं त्याच्या मुलाकडे सन्मानाने परत केली. तोपर्यंत रॉबर्ट्सला जाऊन सतरा वर्षं झाली होती.

बाकडी मोफत, हा 'फ्री'चा पहिला अर्थ. दुसरा गुलामांच्या मुक्तीचा: १८६० मध्ये अमेरिकेत गुलामगिरी कायदेशीर होती आणि मोठ्या मंडळ्या त्यावर गुळमुळीत बोलत होत्या. तिसरा, फ्रीमेसनसारख्या गुप्त मंडळांच्या शपथांपासून मोकळीक. चौथा, उपासनेत पवित्र आत्म्याला मोकळीक. 'मन मानेल तसं वागा' हा अर्थ यात कुठेच बसत नाही. उलट शिस्त कडक: दारू-तंबाखू वर्ज्य, प्रभुभोजनातही द्राक्षांचा न आंबवलेला रस. उपासनेत वाद्यं वाजवायची परवानगी १९४३ पर्यंत नव्हती, म्हणजे 'मोकळी' मंडळी ऐंशीएक वर्षं नुसत्या गळ्यावर गायली!

विश्वासाचा गाभा म्हणजे पवित्रीकरण, आणि सगळ्यात जास्त गैरसमजही त्याबद्दलच. पश्चात्ताप करून ख्रिस्तावर विश्वास ठेवला की झालेल्या पापांची क्षमा मिळते, हे तुम्हीही मानता. वेस्लीपंथी त्यापुढे म्हणतात: कृत्यांची क्षमा झाली तरी मनाचा आतला ओढा, 'माझंच खरं' ही वृत्ती, शिल्लक राहते. देव कृपेने तीही शुद्ध करून मन प्रीतीने भरू शकतो, आणि हे याच आयुष्यात होऊ शकतं. क्षमा आणि ही शुद्धी एकच, असं नव्या मताचे पाळक म्हणत; रॉबर्ट्सचा खरा वाद तोच. यातली 'पूर्णता' म्हणजे कधीच न चुकणं नव्हे. विसरणं, अज्ञान, चुकीचा अंदाज, आजार हे वेस्लीच्या मतेही राहतंच. हा फरक विसरला की एक तर माणूस स्वतःला संत समजायला लागतो, नाहीतर पहिल्याच रागाच्या झटक्यानंतर आपलं तारणच झालं नाही म्हणून खचतो. त्यांच्या मते कृपेपासून माणूस दूर जाऊ शकतो आणि परतूही शकतो. 'एकदा तारण, कायमचं तारण' ही त्यांची शिकवण नाही.

पेंटेकॉस्टल ते नाहीत. अन्य भाषा बोलणं हा आत्म्याच्या भरणीचा पुरावा ते मानत नाहीत, आणि उपासना लोकांना कळणाऱ्या भाषेत हवी असं त्यांचं लेखी कलम आहे. नागपूरचं मेथॉडिस्ट चर्चही वेगळं: ते ज्या मूळ अमेरिकन मंडळीतून आलं, तिनेच रॉबर्ट्सला काढलं होतं. २९ नोव्हेंबर १९७० ला नागपुरात सहा मंडळ्या एकत्र येऊन सीएनआय झाली, त्यात हे दोघेही नव्हते. बिशप फ्री मेथॉडिस्टांतही असतात, पण प्रेषितांपासूनची परंपरा वगैरे दावा नाही. निवडून दिलेला देखरेख करणारा, इतकंच. सुरुवातीला तर 'जनरल सुपरिंटेंडंट'च म्हणत.

आपल्याकडे ही मंडळी आली अर्नेस्ट आणि फीबी वॉर्ड या जोडप्यामुळे. ते १८८१ मध्ये भारतात आले, काम सुरू केलं बुऱ्हाणपूरला. पुढे यवतमाळ हे केंद्र झालं. १९५३ पासून यवतमाळला असलेली युनियन बिब्लिकल सेमिनरी (१९८३ मध्ये पुण्याला गेली) आणि उमरीचा मिशन दवाखाना या दोन्हींशी त्यांचं नातं आहे. स्त्रियांना पाळक म्हणून दीक्षा मिळावी यासाठी रॉबर्ट्सने १८९१ मध्ये पुस्तक लिहिलं, पण पूर्ण दीक्षेला १९७४ उजाडलं. सासरी पाळकबाई दिसल्या तर नवल वाटू देऊ नका.

लग्नाचं म्हणाल तर तुमच्या मंडळीतून दोन कागद काढून ठेवा: बाप्तिस्म्याचा दाखला आणि सभासदत्वाचं पत्र. ज्या पाळकांच्या हातून लग्न लागणार, त्यांना १८७२ च्या ख्रिस्ती विवाह कायद्याखाली परवाना आहे ना, हे स्पष्ट विचारा. असे परवानाधारक पाळक असतील तर लेखी नोटीस द्यावी लागते, त्यानंतर किमान चार दिवसांनी प्रमाणपत्र मिळतं, आणि ते मिळाल्यापासून दोन महिन्यांत लग्न लागलं नाही तर रद्द होऊन सगळं पुन्हा करावं लागतं. घाई करणारे इथेच फसतात: हॉल आधी, नोटीस शेवटच्या आठवड्यात. लग्न नागपुरात सीएनआयच्या पद्धतीने लावायचं असेल तर तुमच्या पाळकांचे नियम आणि मुदत वेगळी, ती त्यांनाच विचारा. लग्नानंतर सभासदत्व तिकडे हलवायचं की नाही हे नंतरही ठरवता येतं. प्रभुभोजनाला तुम्हाला तिथे आत्ताही अडवणार नाहीत.