विंचू चावलेलं मूल रात्री कॅज्युअल्टीत आलं तर नर्सने काय करायचं?

तुम्ही विचारलंय की कोकणातल्या ग्रामीण रुग्णालयात नवीनच रुजू झालात, रात्रपाळीत विंचू चावलेलं लहान मूल आलं तर नेमकं काय बघायचं आणि काय करायचं.

डंखाची जागा नंतर बघा, आधी मुलाचे तळहात-तळपाय हातात धरा. बोट धरून टाहो फोडणारं, हातपाय गरम असलेलं मूल बहुतेकदा नुसत्या वेदनेचं असतं. भीती वाटायला हवी ती गप्प मुलाची. अंग घामाने चिंब, तळवे गार, उलट्या, तोंडातून लाळ, मुलगा असेल तर लिंग ताठ, ही विष अंगात भिनल्याची लक्षणं. लाल विंचवाच्या विषाने अ‍ॅड्रेनॅलिनसारखी द्रव्यं रक्तात एकदम वाढतात, रक्तवाहिन्या आवळतात, हृदयावर ताण येतो आणि काही तासांत फुफ्फुसात पाणी भरू शकतं. म्हणून "आता दुखत नाही म्हणतोय" या आईच्या वाक्यावर निश्चिंत होऊ नका.

डॉक्टरांना कॉल गेला की लगेच मुलाचे कपडे काढून झटका (विंचू कधीकधी आतच असतो), बांधलेला दोरा सोडा, चावल्याची वेळ लिहा आणि वजन करा. वजन अंदाजाने लिहू नका. मूल उभं राहत नसेल तर आईला कडेवर घेऊन काट्यावर उभं करा आणि आईचं वजन वजा करा. बीपीसाठी मुलाच्या दंडाच्या मापाचा कफ हवा. लहान कफने बीपी खोटं जास्त येतं, मोठ्याने खोटं कमी, आणि इथे सगळे निर्णय बीपीवर चालतात.

औषध म्हणजे प्राझोसिन, आवळलेल्या रक्तवाहिन्या सैल करणारं. महाडच्या डॉ. हिंमतराव बावस्करांनी १९८० च्या दशकात त्याचा वापर दाखवून दिला. डोस किलोमागे ३० मायक्रोग्रॅम, तोंडाने. १ मिलिग्रॅमची साधी गोळी बारीक करून १० मिली पाण्यात कालवली की १ मिलीत १०० मायक्रोग्रॅम होतात, म्हणजे १० किलोच्या मुलाला ३ मिली. गोळी तळाशी बसते, म्हणून सिरिंजमध्ये ओढायच्या आधी ढवळा. मोठी चूक इथे होते : कपाटात बऱ्याचदा २.५ किंवा ५ मिलिग्रॅमची 'एक्सएल' गोळी असते. ती हळूहळू सुटणारी आहे, कुटून द्यायची नाही. साधी गोळी आहे का, हे ड्यूटी सुरू होतानाच बघून ठेवा. नुसती वेदना असेल तर प्राझोसिन 'खबरदारी म्हणून' देत नाहीत. बर्फाचा शेक, पॅरासिटामॉल, फार तर डॉक्टर लिग्नोकेनने जागा बधिर करतात.

डोसनंतर मूल आडवंच ठेवा. पहिल्या डोसने उठताना बीपी धाडकन पडतं, आणि आई हमखास त्याला खांद्यावर घेते किंवा शू करायला उभं करते. तिला कारण सांगा, बेडपॅन द्या. नाडी, श्वास, बीपी पहिले ३ तास दर अर्ध्या तासाने, पुढचे ६ तास दर तासाला, नंतर ४ तासांनी. पुढचा डोस साधारण ३ तासांनी, हातपाय गरम आणि कोरडे होईपर्यंत. तोही बीपी बघून, डॉक्टरांना विचारून. १ ते १० वर्षांच्या मुलाचं वरचं बीपी ७० अधिक वयाची दुप्पट याखाली गेलं (४ वर्षांच्या मुलाला ७८) तर डोस थांबवून डॉक्टरांना बोलवा. औषध उलटीत पडलं तरी कळवा.

घाम-उलट्यांनी पाणी कमी झालेलं असतंच. पिऊ शकत असेल तर ओआरएस घोट घोट द्या. शिरेत सुई असू द्या, पण सलाईनची बाटली मोकळी सोडू नका. मायक्रोड्रिप (बारीक थेंबांचा) सेट लावा, त्यात मिनिटाचे थेंब म्हणजेच तासाचे मिली. खोकला, धाप, गुलाबी फेस दिसला तर डोक्याकडून वर करा, ऑक्सिजन लावा, डॉक्टरांना तिथेच थांबवा.

'डेक्सा-एव्हिल' (स्टेरॉइड आणि अ‍ॅलर्जीचं इंजेक्शन) ही आपल्याकडची जुनी सवय, तिचा इथे उपयोग नाही. अ‍ॅट्रोपिनने घाम सुकतो, चार्ट छान दिसतो, पण आधीच धावणारं हृदय आणखी धावतं. विंचवाची प्रतिविष लस द्यायची ठरली तर लेबल वाचा. सापाचं प्रतिविष (एएसव्ही) इथे चालत नाही. लसीची रिअ‍ॅक्शन आली तर लागेल म्हणून अ‍ॅड्रेनॅलिन शेजारी काढून ठेवा.

पुढे पाठवायचं झालं तर चिठ्ठीवर चावल्याची वेळ, वजन, प्राझोसिन किती आणि किती वाजता, शेवटचं बीपी हे सगळं लिहा. नाहीतर तिकडची सिस्टर पहिला डोस समजून पुन्हा देते.