तांडेल, पेणकर, परेरा आणि कियारा: लेकीच्या प्रकल्पासाठी

ताई, प्रश्न वाचला. लेकीला शाळेतून वर्गातल्या मुलांची नावं, आडनावं आणि त्यांचे अर्थ लिहून न्यायचेत. तिचं नाव कियारा. एका साइटवर त्याचा अर्थ ‘काळी’ निघाला, दुसरीवर ‘तेजस्वी’, म्हणून ती रडवेली झालीय. शिवाय तुमच्या सासरचं, दिवाळे कोळीवाड्यातलं तांडेल हे आडनाव ‘तांडा’वरून आलंय का, आणि वर्गातला पेणकर ज्यू कसा, हेही तुम्ही विचारलंय.

कियारा आधी घेतो, कारण त्यात पोरीचा जीव अडकलाय. दोन्ही अर्थ खरे आहेत, पण ते दोन वेगळ्या नावांचे. आयर्लंडमधल्या एका जुन्या नावाच्या मुळाशी ‘कीअर’ हा शब्द आहे, म्हणजे काळा, सावळा. इटलीतल्या क्याराच्या मुळाशी लॅटिन ‘क्लारा’ आहे, म्हणजे उजळ, स्वच्छ. आपण ज्या उच्चारानं हाक मारतो तो इटालियन नावाला जवळचा, म्हणून मी त्या बाजूनं कौल देईन. काही जण ते संस्कृत म्हणून सांगतात, त्याला आधार नाही. आणि सावळी म्हणजे वाईट, हे तिच्या मनात बसू देऊ नका. आपल्याकडे द्रौपदीचं नाव कृष्णा आहे, घरोघरी श्यामल आहेत.

या साइट एकमेकींवरून उतरवून घेतात. कुठल्याही गोड उच्चाराच्या नावापुढे ‘विष्णूचा अंश’ किंवा ‘सूर्यकिरण’ लिहिलेलं सापडेल. ज्या नावापुढे भाषा आणि मूळ शब्द दिलेला नाही, तो अर्थ वहीत उतरवू नका.

आता तांडेल. तांड्याशी त्याचा संबंध नाही. तांडेल म्हणजे गलबतावरच्या खलाशांचा म्होरक्या. हा शब्द मल्याळम-तमिळ किनाऱ्यावरून व्यापाराच्या गलबतांबरोबर वर आला. याच पाण्यातली आणखी दोन आडनावं लेकीला सांगा. सारंग हे फारसी ‘सरहंग’वरून, म्हणजे सेनानी. शिवाजी महाराजांच्या आरमारातला ‘दर्यासारंग’ हा हुद्दा तिला आठवेल. नाखवा हे फारसी ‘नाखुदा’वरून, म्हणजे नावेचा धनी. आपल्या किनाऱ्यावर नाखवा हिंदू कोळ्यांतही भेटतात आणि कोकणी मुसलमानांतही. हुद्दा जहाजावरचा होता, तो कुणाच्या जातीधर्माचा नव्हता. खाडीकाठच्या गावांतलं म्हात्रेही असंच. जुन्या ताम्रपटांतला ‘महत्तर’, म्हणजे गावातला जाणता, वडीलधारा माणूस, तिथून ते आलं असं मानतात. पाटील, चौगुले, चिटणीस ही कामाचीच नावं, त्यांना फार जागा देऊ नका.

पेणकरांचं मात्र सविस्तर लिहा, कारण याची माहिती ठाण्यातल्या मुलांनाही नसते. बेने इस्रायल म्हणजे आपले मराठी बोलणारे ज्यू. ते शतकानुशतकं आजच्या रायगड जिल्ह्यातल्या गावांत राहिले, तेल गाळायचे आणि शनिवारी घाणा बंद ठेवायचे, म्हणून लोक त्यांना शनिवार तेली म्हणत. आडनावं त्यांनी गावांवरून घेतली: पेणकर, रोहेकर, नागावकर, किहीमकर, थळकर. त्यांची पहिली नावंही मराठी वळणाची झाली होती. मुंबईतलं पहिलं सिनेगॉग, म्हणजे ज्यूंचं प्रार्थनास्थळ, १७९६ मध्ये सॅम्युअल इझिकेल दिवेकर यांनी बांधलं, त्यांना सामाजी हसाजी म्हणत. ठाण्यातलं शार हाशमायिम हे सिनेगॉग १८७९ चं, लेकीला एकदा बाहेरून तरी दाखवा. तेव्हा ‘कर’ लागलं की घराणं कुठून निघालं तेवढं कळतं. पेणकर हिंदूही असतो आणि ज्यूही.

वर्गातली परेरा बहुधा ईस्ट इंडियन, म्हणजे मुंबई-ठाणे भागातल्या मूळच्या ख्रिश्चनांपैकी असेल. पोर्तुगीज भाषेत परेरा म्हणजे नाशपातीचं झाड, सिल्वा म्हणजे रान. फर्नांडिस म्हणजे फर्नांडोचा मुलगा, रॉड्रिग्ज म्हणजे रॉड्रिगोचा. ठाणं १७३७ मध्ये मराठ्यांनी घेईपर्यंत पोर्तुगीजांकडे होतं. बाप्तिस्म्याच्या वेळी धर्मपित्याचं किंवा पाद्र्याचं आडनाव लागायचं. त्यामुळे परेरा आडनावाचे पूर्वज पोर्तुगालहून आले असा निष्कर्ष काढू नका. ते बहुतेक इथलेच, घरात मराठी बोलीच बोलणारे. ‘ईस्ट इंडियन’ हे नाव त्यांनी १८८७ मध्ये घेतलं, गोव्याहून आलेल्या ख्रिश्चनांपासून आपली वेगळी ओळख राहावी म्हणून.

फर्नांडिससारखीच घडण उल्हासनगरच्या सिंधी मीरचंदानी, किरपलानींची आहे, ‘आणी’ म्हणजे अमक्याचे वंशज. आइसलंडमध्ये ही रीत अजून जिवंत आहे. बापाच्या नावाला मुलासाठी ‘सॉन’, मुलीसाठी ‘दोत्तिर’ जोडतात, त्यामुळे सख्ख्या भावाबहिणींची शेवटची नावं वेगळी पडतात. वर्गात तमिळ मुलगा असेल तर त्याच्या नावापुढचं अक्षर बहुधा वडिलांच्या नावाचं असतं, त्याला ‘आडनाव काय’ म्हणून छळू नये.

मुळात कायमचं आडनाव ही गोष्टच अनेक ठिकाणी अलीकडची आहे. जपानमध्ये सामान्य माणसाला ते सक्तीचं झालं १८७५ मध्ये, तुर्कस्तानात १९३४ च्या कायद्यानं. आपल्याकडे महात्मा फुल्यांच्या घराण्याचं मूळ आडनाव गोऱ्हे. पुण्यात फुलांचा व्यवसाय सुरू केला आणि ते फुले झाले. म्हणून आडनाव सारखं दिसलं की भाऊबंदकी जोडायची घाई करू नये.

मला विचाराल तर प्रकल्पाचं सर्वांत मोलाचं पान पहिल्या नावांचं व्हावं, आणि त्यात पणजोबा-पणजीची नावं हवीत. मी जुने मोडी कागद वाचून देतो, त्यांत धोंडू, दगडू, भिकाजी, केरू ही नावं पुन्हा पुन्हा येतात. शब्दाचा अर्थ धोंडा, दगड, भीक, केर एवढाच. पण आधीची मुलं दगावलेली असायची. पुढचं जगावं म्हणून त्याला मुद्दाम असं नाव द्यायचे, की दृष्ट लागू नये, मरणानं त्याच्याकडे पाहूच नये. उकिरड्यावर ठेवून परत उचलून आणायचे, दुसऱ्याच्या पदरात घालून भीक म्हणून मागून घ्यायचे. एका आईची सगळी भीती त्या हाकेत असते. तुर्कस्तानातही हेच सापडतं. तिथे दुर्सुन नावाचे पुरुष असतात, अर्थ ‘हा राहू दे’. यशार म्हणजे ‘जगतो’.

याची दुसरी बाजूही लेकीपासून लपवू नका. मुली जास्त झाल्या की तुर्की घरात नाव ठेवत येतेर, म्हणजे ‘पुरे’. आपल्याकडे नकुशी. २०११ मध्ये सातारा जिल्ह्यात अशा मुलींची नावं समारंभपूर्वक बदलली. स्वतःचं नवं नाव निवडलेल्या त्या मुलींबद्दल तुमच्या लेकीच्या वयात कळणं मला गरजेचं वाटतं.

तेव्हा वहीत नुसता ‘अर्थ’ हा रकाना नको. नाव कुणी ठेवलं, का ठेवलं, घराणं कुठल्या गावचं, कुलदैवत कुठलं, एवढं प्रत्येक मित्राच्या घरी विचारायला सांगा. कियारा कुणाला सुचलं हेही तिला सांगा.

तांडेल घराण्याचं मागे जायचं असेल तर तहसील कार्यालयात गावच्या कोतवाल बुकाची, म्हणजे जन्म-मृत्यूच्या जुन्या नोंदींची नक्कल मागा. तिथे पुष्कळदा आडनाव नसतं, फक्त नाव, बापाचं नाव आणि जात असते, म्हणून सासऱ्यांकडून आधी चार पिढ्यांची नावं लिहून घ्या. पानं मोडीत निघाली तर फोटो इथेच टाका, मी वाचून देतो.