मोशेवरच्या मालिकांपैकी कोणती पाहावी आणि त्या बायबलला कितपत धरून असतात?

मोशे (मोझेस) म्हणजे इस्राएली लोकांना मिसरच्या, म्हणजे इजिप्तच्या, गुलामगिरीतून सोडवणारा बायबलमधला पुढारी. सवड असेल तर ब्राझीलच्या रेकॉर्ड वाहिनीची 'ओस देझ मांदामेंतोस' (२०१५) पाहा. मूळ पोर्तुगीज आहे. पहिल्याच पर्वाचे १७६ भाग आहेत. तांबडा समुद्र दुभंगतो तो भाग १० नोव्हेंबर २०१५ रोजी लागला आणि त्या रात्री रेकॉर्डने ग्लोबो या तिथल्या बलाढ्य वाहिनीला मागे टाकलं.

आता मूळ कथेशी इमान किती? मोशेची कथा सांगणाऱ्या बायबलमधल्या 'निर्गम' या पुस्तकाच्या मोजक्या अध्यायांवर १७६ भाग निघत नाहीत, त्यामुळे फारो (मिसरचा राजा) रामसेस, नेफर्तारी आणि मोशे यांचा प्रेमाचा त्रिकोण घातलाय. बायबलमध्ये तर त्या फारोचं नावही दिलेलं नाही. तेही एक वेळ चालेल, पण वयाचं मला खरंच खटकतं. फारोपुढे उभा राहिला तेव्हा मोशे ८० वर्षांचा होता, त्याचा भाऊ अहरोन ८३ वर्षांचा. "मी जड जिभेचा आहे" म्हणून देवाला नकार देऊ पाहणारा म्हातारा मेंढपाळ शेवटी राजदरबारात जातो, यात कथेचा सगळा जीव आहे. पस्तिशीतल्या देखण्या नटाने ते साधत नाही.

तरीही शिफारस हीच, कारण ही मालिका समुद्रापाशी थांबत नाही. २०१६च्या ६६ भागांच्या दुसऱ्या पर्वात वाळवंटातली वाटचाल येते, आणि मला इस्राएली लोक खरे भेटतात ते तिथेच. बायबलच्या 'गणना' या पुस्तकाचा ११वा अध्याय काढून बघा: गुलामगिरीतून सुटलेली माणसं मिसरातले मासे, काकड्या, खरबुजं, कांदे, लसूण आठवून रडतायत, रोजचा मान्ना (वाळवंटात देवाने पुरवलेलं अन्न) नको झालाय. वैतागलेला मोशे देवाला म्हणतो, या सगळ्यांना मीच जन्म दिला काय? अशी कुरकुर, रुसवेफुगवे आणि भांडणं दाखवायला रोजच्या मालिकेइतकं सोयीचं माध्यम नाही. आपल्याकडे कोकणातल्या बेने इस्रायलींनी (मराठी बोलणाऱ्या ज्यूंनी) या कथा मराठी कीर्तनातून रंगवल्या, तिथेही निरूपणाला असाच ऐसपैस वेळ मिळायचा.

एवढा वेळ नसेल तर नेटफ्लिक्सवर २०२४चा तीन भागांचा 'टेस्टामेंट' आहे. त्यात नाट्य आणि अभ्यासकांचं भाष्य आलटूनपालटून येतं. जुना अभिनय आवडत असेल तर बर्ट लँकेस्टरची १९७४ची 'मोझेस द लॉगिव्हर' शोधा. तरुण मोशेचं काम लँकेस्टरच्या मुलानेच केलंय.

कुठलीही निवडा, पण निर्गम १ ते १५ आधी वाचून घ्या. अर्ध्या-पाऊण तासात होतं, आणि मग पदरचं काय घातलंय ते लगेच कळतं.