पहिलं वर्ष घरून नको

प्रिय,

मेडिकल कोडिंगच्या नोकरीची तुझी दोन्ही ऑफर लेटरं नीट वाचली, एक हायब्रिड आणि दुसरी पूर्ण घरून. उत्तर आधीच देऊन टाकते, म्हणजे तुला शेवटपर्यंत ताटकळायला नको: इथे बडोद्यातच अलकापुरीच्या ऑफिसातली हायब्रिड नोकरी घे. पगार थोडा कमी आहे, ॲक्टिव्हाचं पेट्रोल वर लागेल, आठवड्यातले तीन दिवस आवरून घराबाहेर पडावं लागेल. तरीही तीच घे. पूर्ण घरून काम दोनेक वर्षांनी माग, तेव्हा ते तुझ्या अटींवर मिळेल.

काकू स्वतः घरी बसून काम करतात आणि मला ऑफिसात धाडतात, असं तुझ्या मनात येणारच. मला घरून जमतं, कारण अडलं की कुणाला फोन लावायचा ते मला ठाऊक आहे आणि समोरचा माझा फोन उचलतो. तुझ्याकडे आज यातलं काहीच नाही, आणि ते लॅपटॉपबरोबर कुरिअरने येत नाही.

आरोग्याच्या क्षेत्रात घरून होणारी कामं आता बरीच आहेत. परदेशातल्या, आपल्याकडे अमेरिकेतल्या, दवाखान्यांचं कोडिंग (म्हणजे डॉक्टरने लिहिलेल्या आजाराला बिलासाठी ठरलेला कोड देणं) आणि बिलिंग, विमा कंपन्यांकडे थकलेल्या पैशांचा पाठपुरावा, टीपीएकडची, म्हणजे विमा कंपन्यांसाठी क्लेम हाताळणाऱ्या कंपन्यांकडची, क्लेमची छाननी, रात्रीच्या एक्स-रे आणि सीटी स्कॅनचे रिपोर्ट, शिवाय मार्च २०२० मध्ये टेलिमेडिसिनचे नियम आल्यापासून डॉक्टरांचा व्हिडिओवरचा सल्ला. पण नीट बघ, यातल्या बहुतेक कामांत कुणीतरी रुग्णाजवळ असतंच. सरकारच्या ई-संजीवनी या टेलिमेडिसिन सेवेत डॉक्टर कुठेतरी दूर बसलेला असतो, पण गावातल्या आरोग्य केंद्रात बीपीचा पट्टा बांधायला आरोग्य अधिकारी रुग्णाशेजारीच असतो. आपल्या कोडिंगमध्येही नर्सने आणि डॉक्टरने जे लिहिलं तेवढंच आपल्या हातात येतं. या धंद्यात पहिल्या दिवसापासून ऐकशील: लिहिलं नाही म्हणजे झालंच नाही.

तुझं बी.फार्म इथे उपयोगी पडेल. औषधाच्या नावावरून आजाराचा अंदाज तुला इतरांपेक्षा लवकर येईल, आणि नेमका तिथेच घोटाळा व्हायची शक्यता आहे, कारण कोडरने अंदाज करायचा नसतो. एक साधी केस घे. माणूस खोकला आणि ताप घेऊन क्लिनिकमध्ये येतो. डॉक्टर लिहितो, ‘रूल आउट न्यूमोनिया’, म्हणजे न्यूमोनिया नाही ना ते बघा, आणि एक्स-रे काढायला पाठवतो. नवी मुलगी ‘न्यूमोनिया’ वाचते आणि जे१८.९ हा न्यूमोनियाचा कोड टाकून मोकळी होते. ओपीडीचा नियम उलटा आहे. संशय, बहुधा, रूल आउट असं काही लिहिलेलं असेल तर तो आजार कोड करायचा नाही, हातात असलेली लक्षणं करायची: खोकल्याला आर०५.९, तापाला आर५०.९. हाच माणूस ॲडमिट झाला आणि डिस्चार्जच्या वेळेपर्यंत डॉक्टरने ‘प्रोबेबल न्यूमोनिया’ असंच लिहिलेलं राहिलं, तर तिथे मात्र न्यूमोनिया आहे असं धरून कोड करायचा. शब्द जवळपास तेच, फक्त रुग्ण खाटेवर आहे की बाकावर, यावर सगळं ठरतं. आणखी एक. डॉक्टरने टाइप टू डायबिटीस लिहिला, खाली किडनीचा जुनाट आजार, तिसरी स्टेज, असंही लिहिलं, पण दोघांचा संबंध कुठेच जोडला नाही. तू म्हणशील, अंदाज करायचा नाही म्हणून दोन्ही वेगवेगळे टाकू. तर नाही. किडनीच्या आजाराचं दुसरं कारण लिहिलेलं नसेल तर इथे नियमच संबंध धरायला सांगतो: डायबिटीसमुळे झालेल्या किडनीच्या आजाराचा ई११.२२, आणि सोबत तिसऱ्या स्टेजचा एन१८.३०.

हे पुस्तकात आहे. सीपीसीच्या, म्हणजे कोडरच्या सर्टिफिकेटच्या, परीक्षेसाठी तू ते पाठही करशील. शंभर प्रश्न, चार तास, सत्तर टक्क्यांना पास. पण आयसीडी-१० या आजारांच्या कोडांच्या यादीच्या अमेरिकी आवृत्तीत सत्तर हजारांच्या घरात कोड आहेत, दर वर्षी १ ऑक्टोबरला त्यात भर पडते, आणि पाठांतर चार्टसमोर, म्हणजे रुग्णाच्या खऱ्या कागदांसमोर, फार वेळ टिकत नाही. टिकतं ते शेजारच्या टेबलावरून कानावर पडलेलं. एखादी सीनियर वैतागून म्हणते, “अगं, हा ओपीडीचा आहे, बघितलंस का?” ती दुसऱ्याच मुलीला म्हणत असते, पण तूही तुझा चार्ट परत उघडून बघतेस. घरी हे होत नाही. घरी संध्याकाळी ऑडिटची, म्हणजे कामाच्या तपासणीची, एक्सेल शीट येते. तुझ्या नावापुढे चार्टचा नंबर, ‘डायग्नोसिस चुकीचा’ एवढेच दोन शब्द आणि कापलेला मार्क. बहुतेक ठिकाणी अचूकतेची अट ९५ टक्क्यांची असते. दोन महिने त्या खाली राहिलीस की तुझ्याशी बोलतं ते एचआर, कोडिंग येणारं माणूस नव्हे.

मार्क कापला गेल्याचं दुःख दोन दिवसांत जातं. त्या माणसाच्या कागदांत मात्र न झालेला न्यूमोनिया राहतो. पुढचा डॉक्टर तो वाचतो, विमा कंपनी तो वाचते. तो माणूस कधी बडोद्याला येऊन तुला जाब विचारणार नाही, म्हणून तर ही काळजी आपणच घ्यायची.

आता घरून काम करण्यातला खरा धोका सांगते. इंटरनेट नव्हे, शंका. ऑफिसात शंका आली की तू खुर्ची वळवतेस. घरी शंका आली की हात आपोआप मोबाइलकडे जातो. स्क्रीनचा फोटो काढायचा, मैत्रिणीला व्हॉट्सॲप करायचा, ‘बघ ना, काय टाकू?’ झालं. रुग्णाचं नाव, जन्मतारीख, आजार, सगळं तुझ्या फोनच्या गॅलरीत, आणि गॅलरीतून बॅकअपमध्ये. रुग्णाची माहिती गुप्त ठेवायला लावणारा अमेरिकेचा हिपा कायदा १९९६ चा आहे, त्याखाली ओळख पटवणाऱ्या अठरा गोष्टींची यादी आहे, आणि ॲडमिट झाल्याची तारीखही त्यात येते. त्यामुळे ‘नाव झाकलं होतं’ ही सबब चालत नाही. ऑफिसात मोबाइल बाहेर लॉकरमध्ये ठेवायला लावतात, त्याचा तुला पहिल्या आठवड्यात संताप येईल. येऊ दे. घरी तो लॉकर तुला स्वतःच व्हावं लागतं, आणि नवखेपणी ते फार जड जातं.

ओटीपीचा कंटाळाही तसाच. फेब्रुवारी २०२४ मध्ये अमेरिकेत चेंज हेल्थकेअर या क्लेम हाताळणाऱ्या मोठ्या कंपनीवर सायबर हल्ला झाला. चोरलेला पासवर्ड वापरून चोर आत शिरले ते दुरून लॉगिन करायच्या पोर्टलमधून, आणि त्या पोर्टलला पासवर्डशिवाय दुसरी कडी नव्हती. हे मालक कंपनीच्या प्रमुखानेच तिथल्या संसदेपुढे सांगितलं. सुमारे एकोणीस कोटी लोकांची माहिती त्यात सापडली, दवाखान्यांचे क्लेम आठवडेच्या आठवडे अडकले. आपल्याकडे दिल्लीच्या एम्सचे सर्व्हर नोव्हेंबर २०२२ मध्ये असेच बंद पडले आणि ओपीडीचं काम पुन्हा कागदावर आलं. तेव्हा दर वेळी ओटीपी मागितला की कपाळाला आठ्या घालू नकोस.

रात्रपाळीबद्दल तुझ्या आईने फारच धसका घेतलाय. कोडिंगला रात्रपाळी लागतेच असं नाही. चार्ट अमेरिकेतून येऊन पडतात, आपण दिवसा बसून ते उरकू शकतो. रात्र जागावी लागते ती एआर कॉलिंगवाल्यांना, म्हणजे थकलेल्या पैशांसाठी फोन करणाऱ्यांना, कारण विमा कंपनीचं माणूस त्यांच्या दिवसातच फोनवर भेटतं. न्यूयॉर्क आपल्यापेक्षा उन्हाळ्यात साडेनऊ आणि हिवाळ्यात साडेदहा तास मागे असतं, म्हणजे नोव्हेंबरात शिफ्टही तासाभराने पुढे सरकते. तुझ्या लेटरमध्ये ‘प्रक्रियेच्या गरजेनुसार शिफ्ट’ असं मोघम वाक्य आहे, त्यावर बोट ठेव आणि लेखी विचारून घे. रात्रीची वेळ निघालीच तर गाडी सोडायला घरापर्यंत येते की नाक्यापर्यंत, हेही त्याच मेलमध्ये.

आपल्या गावात घरून काम म्हणजे काय, हेही लक्षात घे. नवरात्रात नऊ रात्री सोसायटीच्या चौकात गरब्याचा माइक. उत्तरायणाला अगाशीवर स्पीकर आणि दिवसभर ‘लपेट, लपेट’. अमेरिकेत त्या दिवशी सुट्टी नसते. ऑगस्ट २०२४ मध्ये विश्वामित्री नदी शहरात शिरली तेव्हा बऱ्याच भागांत घरात पाणी आणि वीज बेपत्ता. ज्यांना जाऊन बसायला ऑफिस होतं, त्यांनी निदान रस्ता मोकळा झाल्यावर तिथे जाऊन काम सुरू केलं. पूर्ण घरून करणाऱ्यांची रजा कापायची की नाही, यावर ठिकठिकाणी वाद झाले. तुझ्या दुसऱ्या ऑफरमध्ये वीज किंवा नेट गेल्यास तो दिवस बिनपगारी धरण्याचं कलम आहे. पान चार, तळाला, बारीक अक्षरात. तुला ते दिसलं नव्हतं ना?

मी या धंद्यात आले ती ट्रान्सक्रिप्शनमधून. कानाला हेडफोन, पायाखाली पेडल, डॉक्टर बोलतोय आणि आपण टाइप करतोय. पैसे ओळीवर, पासष्ट अक्षरांची एक ओळ. आमच्यातल्या पुष्कळ जणी लग्नानंतर पेडल घरी घेऊन गेल्या, आणि तेव्हा आम्हाला त्यांचा हेवा वाटायचा. पुढे बोलणं ऐकून आपोआप टाइप करणारी सॉफ्टवेअरं आली. ऑफिसात होत्या त्यांना कुणीतरी बोलावून एडिटिंग शिकवलं, क्वालिटीत घेतलं, काहींना कोडिंगकडे वळवलं. घरी होत्या त्यांच्या ओळी कमी होत गेल्या आणि एक दिवस फाइल येणंच थांबलं. कुणी मुद्दाम त्यांच्या वाइटावर नव्हतं, पण यादी करताना त्यांचे चेहरे कुणाच्या डोळ्यांसमोर आले नाहीत. आज कोडिंगमध्ये तेच सुरू आहे. साध्या एक्स-रेचे चार्ट मशीन सुचवतं, माणूस तपासतं. तपासणाऱ्याला काम राहील असं मला वाटतं, पण तपासायला बसण्याआधी हाताने केलेलं असावं लागतं.

एक काम जॉइन होण्याआधी कर. एखाद्या सकाळी सयाजी हॉस्पिटलला जा. कुणाला त्रास द्यायचा नाही, फोटो काढायचे नाहीत, ओपीडीच्या बाकावर तासभर बसायचं. केस काढायच्या खिडकीवर नावं कशी लिहिली जातात, एकाच गर्दीत गुजराती, मराठी आणि हिंदीत एकच दुखणं तीन तऱ्हांनी कसं सांगितलं जातं, आणि त्यातलं कागदावर किती उतरतं ते बघ. कुणी आजी अर्धं दुखणं सांगून होईपर्यंत डॉक्टर पुढच्याचा नंबर पुकारतो. उद्या स्क्रीनवर अपुरा चार्ट आला की डॉक्टरवर चिडण्याआधी तुला तो बाक आठवेल. मग तू डॉक्टरला खुलासा विचारणारी क्वेरी पाठवशील ती नेमकी आणि नम्र असेल, आणि अशा क्वेरीला उत्तर येतं.

आता मेल कर. शिफ्ट आणि गाडीचं वर सांगितलंच. शिवाय विचार, ट्रेनिंगचे सहा महिने ऑफिसात कोण शिकवणार, ऑडिटमधली चूक समोर बसवून समजावतात की शीट पाठवतात, लॅपटॉप कंपनीचा की आपला, नेटचे पैसे कोण देणार, सीपीसीची फी ते भरतात का आणि भरली तर किती दिवस बांधून घेतात. बाँड असेल तर तो सहीआधी मला पाठव. मूळ मार्कशीट कुणालाही ठेवायला द्यायची नाही, कितीही गोड बोलले तरी.

तुझी,
काकू

ता.क. आईला हे स्वतः समजावून सांग, मी सांगितलं तर तिला टोचेल: घरून कामाच्या दोन दिवशीही तू घरी नसतेस. गॅसचा सिलिंडर, कुरिअर, मामा अचानक आले म्हणून चहा, यातलं काही तुझ्या वाट्याला नको. मधल्या खोलीतलं टेबल दाराकडे तोंड करून आणि पाठ भिंतीला लावून ठेव, म्हणजे मागून कुणी स्क्रीन वाचणार नाही. ती खोली आजोबांची दुपारची झोपायची जागा आहे, तेव्हा त्यांच्याशी आधी बोलून घे.